आधी समच्छेद, मग बेरीज

पाचवी-सहावीच्या वर्गात १/३ + १/४ असं गणित फळ्यावर आलं की हल्ली सर्रास फुलपाखरू काढलं जातं. डावीकडचा वरचा आकडा उजवीकडच्या खालच्याशी गुणायचा, उजवीकडचा वरचा डावीकडच्या खालच्याशी. आलेल्या ४ आणि ३ ची बेरीज वर, खालच्या दोघांचा गुणाकार १२ खाली. उत्तर ७/१२. याच रीतीला कुणी तिरकस गुणाकार म्हणतं. उत्तर बरोबर आहे, आणि रीत नीट वापरली तर ते दरवेळी बरोबरच येतं. म्हणून तिच्याविरुद्ध बोलणं जड जातं. तरी माझं म्हणणं असं की सातवीच्या आधी ही युक्ती वर्गात येऊ नये. मग ती जिल्हा परिषदेची शाळा असो, अक्राणीतली आश्रमशाळा असो की जळगावातली शिकवणी.

आक्षेप उत्तराला नाही, जे गाळलं जातं त्याला आहे. १/३ चे ४/१२ झाले आणि १/४ चे ३/१२ झाले, ही गणिताची खरी घडामोड. फुलपाखरात ती कुठेच दिसत नाही. मुलाला ४ दिसतो, ३ दिसतो, खाली १२ दिसतो; पण हे ४ कशाचे आणि ३ कशाचे, हे त्यानं कधी विचारलेलं नसतं. दोन्ही अपूर्णांकांचे तुकडे सारख्या मापाचे झाल्याशिवाय ते मोजून एकत्र करता येत नाहीत, एवढी एकच गोष्ट या धड्यात शिकायची असते. नेमकी तीच वगळून उरलेली आकडेमोड पाठ होते.

पाठ झालेली आकडेमोड कुठे फसते ते पाहण्यासाठी फार लांब जावं लागत नाही. ३/८ + ५/८ द्या. छेद सारखेच आहेत, उत्तर ८/८ म्हणजे १, एका ओळीचं काम. फुलपाखरू शिकलेला मुलगा २४ + ४० = ६४ करतो, खाली ६४ लिहितो आणि ६४/६४ वर थांबतो. चूक नाही, पण त्याला प्रश्नच कळलेला नाही. आता १/२ + १/३ + १/४ द्या. फुलपाखराला पंख दोनच. मुलगा पहिले दोन धरतो आणि तिसऱ्याचं काय करायचं म्हणून वर पाहतो. किंवा तिन्ही छेद गुणून २४ खाली लिहितो आणि वर जे जे तिरकस दिसेल ते गुणत सुटतो. समच्छेद, म्हणजे छेद सारखे करणं, समजलेल्याला हे गणित अवघड नाही: ६/१२ + ४/१२ + ३/१२ = १३/१२.

५/१२ + ७/१८ मध्ये वेगळीच पंचाईत. तिरकस गुणलं तर ९० + ८४ = १७४, खाली २१६. आता १७४/२१६ ला संक्षिप्त रूप द्यायचं. सहावीचा मुलगा दोनने भागतो, ८७/१०८ येतात, आणि बरेचदा तिथेच थांबतो, कारण ८७ ला तीनने भाग जातो हे पटकन दिसत नाही. खरं उत्तर २९/३६. छेद ३६ केला असता तर १५/३६ + १४/३६ एवढंच होतं. लहान आकड्यांचं गणित मोठं करून मग पुन्हा लहान करायचं, याला सोपी पद्धत का म्हणायचं, हा प्रश्नच आहे.

सगळ्यात बोलकी चूक मात्र फुलपाखराच्याही आधीची आहे: १/२ + १/३ = २/५. वरचे वर, खालचे खाली. २/५ हे अर्ध्यापेक्षा कमी आहेत. अर्ध्यात भर घालून अर्ध्याहून कमी कसं उरेल, हे विचारलं तर मुलं हसतात आणि पुढच्या गणितात तेच करतात. ही चूक येते कुठून? मला वाटतं, थोडी आपल्याच लाल शाईतून. घटक चाचणीच्या पेपरवर एका प्रश्नापुढे ७/१० आणि दुसऱ्यापुढे ८/१५ असं लिहून पहिल्या पानावर १५/२५ लिहिलं जातं. गुणांसाठी ते बरोबर आहे, कारण तिथे दहातले सात आणि पंधरातले आठ मिळून पंचवीसातले पंधरा होतात. दोन वेगवेगळे ढीग एकत्र आलेले असतात. अपूर्णांकाच्या बेरजेत मात्र पूर्ण वस्तू एकच असते. मुलाला दोन्ही ठिकाणी चिन्ह एकच दिसतं, आणि शिक्षकाच्या हातून रोज दिसणारी बेरीज त्याला खरी वाटते. उपाय फुकटचा आहे: पाचवी ते सातवीच्या पेपरवर गुण ‘१० पैकी ७’ असे लिहावेत. अपूर्णांकाची रेघ अपूर्णांकासाठी राखून ठेवावी.

मग शिकवायचं कसं? पुस्तकातली गोल पोळी इथे फारशी कामाची नाही. वर्तुळाचे चार भाग घडी घालून होतात, तीन भागांना १२० अंशांचे कोन लागतात आणि ते पाचवीच्या मुलाच्या हातून होत नाहीत. शिवाय एकानं लहान वर्तुळ काढलं आणि दुसऱ्यानं मोठं, की याचा अर्धा आणि त्याचा तिसरा हिस्सा यांची बेरीज निरर्थक होते. त्यापेक्षा कागदाच्या पट्ट्या घ्याव्यात, प्रत्येक पट्टी २४ सेंमी लांब. २४ ला २, ३, ४, ६, ८ आणि १२ यांनी निःशेष भाग जातो. म्हणजे अर्धी पट्टी १२ सेंमी, तिसरा हिस्सा ८, पाव ६, सहावा हिस्सा ४, आठवा ३. तुकडे घडी घालून नव्हे, मोजपट्टीनं मोजून, पेन्सिलीची खूण करूनच कापायचे. तीन घड्या सारख्या पडत नाहीत आणि दोन-तीन मिलिमीटरच्या फरकानं पुढचा सगळा खेळ बिघडतो. प्रत्येक तुकड्यावर त्याचा अपूर्णांक लिहून घ्यायचा.

१/३ चा तुकडा आणि १/४ चा तुकडा शेवटाला शेवट लावून ठेवला की १४ सेंमी होतात. हे पट्टीचे किती भाग? इथे मुलं अडतात, आणि अडली पाहिजेत. कारण १/३ च्या तुकड्यांनी १४ सेंमी मोजून होत नाहीत, १/४ च्या तुकड्यांनीही नाहीत. मग कोणत्या तुकड्यानं दोन्ही नीट मोजले जातील? ८ आणि ६ दोघांनाही पुरेल असा २ सेंमीचा तुकडा, म्हणजे पट्टीचा बारावा हिस्सा. पहिल्यात असे चार बसतात, दुसऱ्यात तीन. सात झाले. हे शोधायला पहिल्यांदा एक तासिका लागते. ती लागू द्यावी. इथे शिक्षकानं ‘बारा घ्या’ म्हणून सांगून टाकलं तर पट्ट्या कापण्याचा अर्थ राहिला नाही. पाचचा छेद आला की मात्र २४ ची पट्टी सोडायची, कारण पाचवा हिस्सा ४.८ सेंमी येतो. त्यासाठी ३० सेंमीची पट्टी वेगळी ठेवावी.

खान्देशात केळीचा डझनही चांगला चालतो. रावेर-यावलच्या मुलांना घाऊक केळी क्विंटलनं जातात हे ठाऊक असतं, पण गाडीवर डझनानंच घेतली जातात. डझनाचा तिसरा हिस्सा ४ केळी, पाव डझन ३, दोन्ही मिळून ७. डझनात मर्यादा एवढीच की ते बाराच्या पुढे जात नाही. आठवा हिस्सा काढायला सांगितला की दीड केळं येतं. अक्कलकुवा-धडगावच्या शाळांत जिथे घरी पावरी किंवा भिली बोलतात आणि अंश-छेद हे शब्द पुस्तकातूनच भेटतात, तिथे पट्टीच बरी. तिला भाषा लागत नाही.

हातानं झालं की कागदावर तीन ओळी. पहिल्या ओळीत मूळ गणित, दुसऱ्या ओळीत दोन्ही अपूर्णांक समच्छेद रूपात, तिसऱ्या ओळीत बेरीज. दुसरी ओळ कधीही गाळायची नाही, निदान सहावी संपेपर्यंत. या ओळीत एक ठरावीक चूक होते: छेद बदलला जातो, अंश जुनाच राहतो. १/२ + १/३ चं १/६ + १/६ होतं. पट्टीवर काम केलेल्या मुलाला इथे थांबवता येतं, कारण १/६ चा तुकडा ४ सेंमीचा आणि १/२ चा १२ सेंमीचा, हे त्यानं पाहिलेलं असतं. फुलपाखरात ही ओळच नसल्यामुळे ही चूक दिसतही नाही, सुधारताही येत नाही.

समान छेद शोधण्यासाठी आधी लसावि (लघुतम सामाईक विभाज्य, दोन्ही छेदांनी भाग जाणारी लहानात लहान संख्या) शिकवलाच पाहिजे, असा अनेकांचा आग्रह असतो. २०१६ साली आलेल्या सहावीच्या बालभारतीच्या पुस्तकात अपूर्णांकांवरील क्रिया आधी आणि मसावि-लसावि बरंच नंतर आलं, यावर म्हणूनच नाराजी ऐकू येते. मला तो क्रम चुकीचा वाटत नाही. भागाकाराच्या उभ्या रीतीनं काढलेला लसावि पुन्हा एक यंत्रच होतो. मुलगा आकडे पाडत जातो, पण हे कशासाठी ते विसरतो. त्याऐवजी मोठ्या छेदाचा पाढा म्हणायला सांगावा. १२ आणि १८ असतील तर अठराचा: अठरा एके अठरा, याला बारानं भाग जात नाही, अठरा दुणे छत्तीस, जातो. छेद सापडला. शाळेत येणाऱ्या छेदांना ही रीत दोन-तीन पायऱ्यांत पुरते. छेद ३५ आणि ४८ असे आले की ती लांबते. तेव्हा लसाविची गरज मुलाला स्वतःलाच जाणवेल, आणि तीच त्याची योग्य वेळ.

आता आपल्या परिसरातला एक पुरावा. चाळीसगाव तालुक्यात पाटणादेवीजवळच्या पाटणे गावी यादवकाळातला शिलालेख आहे, शके ११२८ च्या सुमाराचा. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव यानं आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढला आणि निकुंभ घराण्यातल्या सोइदेवानं त्याला देणगी दिली, अशी त्यात नोंद आहे. त्या मठात जे शिकवलं जायचं त्यात भास्कराचार्यांचा गणिताचा ग्रंथ लीलावती होताच, आणि लीलावतीत भिन्नांचा, म्हणजे अपूर्णांकांचा, समच्छेद करण्याचा नियम असा आहे:

अन्योन्यहाराभिहतौ हरांशौ राश्योः समच्छेदविधानमेवम् ।
मिथो हराभ्यामपवर्तिताभ्यां यद्वा हरांशौ सुधियात्र गुण्यौ ॥

म्हणजे, प्रत्येक राशीचे हर (छेद) आणि अंश हे दोन्ही दुसऱ्याच्या हरानं गुणावेत, हे झालं समच्छेदविधान. किंवा शहाण्यानं दोन्ही हरांना आधी त्यांच्या समान अवयवानं भागून घ्यावं आणि त्या लहान झालेल्या हरांनी एकमेकांचे हर-अंश गुणावेत. तिरकस गुणाकाराचे पुरस्कर्ते यातला पहिला चरण दाखवून ‘बघा, भास्कराचार्यांचीही हीच पद्धत’ म्हणू शकतील. पण नीट वाचलं तर गुणायचं आहे अंशालाही आणि हरालाही, आणि प्रत्येक अपूर्णांकाचा नवा अपूर्णांक करायचा आहे. बेरजेचा नियम त्यानंतर वेगळा येतो: योग किंवा अंतर करायचं ते तुल्यहर झालेल्या अंशांचं. दोन क्रिया, दोन नियम. फुलपाखरू या दोन्ही एका झटक्यात उरकून मधली अवस्था पुसतं.

लीलावतीत त्याच ठिकाणी आलेलं वजाबाकीचं उदाहरण आजही फळ्यावर लिहावं असं आहे: १/१४ मधून १/६३ वजा करा. सरळ गुणलं तर छेद ८८२, अंश ६३ उणे १४ म्हणजे ४९, आणि मग ४९/८८२ ला संक्षिप्त करत बसा. सुधी माणूस काय करतो? १४ आणि ६३ दोघांना ७ नं भाग जातो. उरतात २ आणि ९. १/१४ ला वर-खाली ९ नं गुणा, ९/१२६. १/६३ ला २ नं, २/१२६. वजाबाकी ७/१२६, म्हणजे १/१८. लसाविची उभी रीत न मांडता लसावि हाती आला. चाळीसगाव भागातून शाळांच्या सहली पाटणादेवीला जातात. धबधब्याबरोबर हे एक गणितही दाखवायला हरकत नाही.

आता विरोधी बाजू. तिचा सगळ्यात जोरदार मुद्दा वेळेचा आहे. नवोदय प्रवेश परीक्षेत अंकगणिताचे २० प्रश्न आणि ३० मिनिटं; एका प्रश्नाला दीड मिनिट. शिष्यवृत्तीतही पर्यायी प्रश्न, कामाच्या पायऱ्यांना गुण नाहीत. शिकवणीवाला म्हणतो, मला निकाल द्यायचाय, पट्ट्या कापायला वेळ नाही. हा युक्तिवाद मी खोटा म्हणणार नाही. पण वेळ लागतो तो शिकताना, सोडवताना नव्हे. ५/१२ + ७/१८ तिरकस गुणून १७४/२१६ संक्षिप्त करायला जितका वेळ लागतो त्याच्या निम्म्यात ३६ चा छेद घेतलेलं गणित सुटतं. शिवाय पर्यायांत मुद्दाम चुकीची उत्तरं ठेवलेली असतात, आणि ती ओळखायला अंदाज लागतो. २/३ + ३/४ चं उदाहरण घ्या. गुणाकारात तिरकस काटाकाट चालते म्हणून मुलं बेरजेतही ३ ला ३ नं काटतात आणि २ + १/४ = सव्वादोन काढतात. दोन्ही संख्या एकपेक्षा लहान. त्यांची बेरीज दोनच्या पुढे जाणारच नाही. ज्याच्या डोळ्यांपुढे पट्टी आहे तो सव्वादोनचा पर्याय पाहताक्षणी बाद करतो. बरोबर उत्तर १७/१२.

दुसरा मुद्दा: दशांश आहेत, मोबाइलवर कॅल्क्युलेटर आहे, १९५७ पासून आणे-पै गेले, आता अपूर्णांक हवेत कशाला? याला उत्तर सातबाऱ्यावर आहे. (सातबारा हा अपूर्णांक नव्हे, गाव नमुना सात आणि बारा, पण हिश्श्यांचं गणित त्यातच चालतं.) एक हेक्टर जमिनीचे तीन सारखे वाटे दशांशात ०.३३ लिहिले तर तिन्हींची बेरीज ०.९९ होते आणि एक आर, म्हणजे जवळजवळ एक गुंठा, कागदावरून गायब होतो. चौरस मीटरपर्यंत गेलात तरी ०.३३.३३ चे तीन वाटे मिळून एक चौरस मीटर बाकी राहतोच. १/३ + १/३ + १/३ मात्र नेमके १ होतात.

वारसाचं एक प्रकरण घ्या. स्वकष्टार्जित जमीन, मृत्युपत्र नाही. मागे पत्नी, एक मुलगा, एक मुलगी, आणि आधीच वारलेल्या दुसऱ्या मुलाची विधवा व दोन मुलं. हिंदू वारसा कायदा, १९५६ प्रमाणे चार वाटे पडतात: पत्नी १/४, मुलगा १/४, मुलगी १/४, आणि मृत मुलाच्या शाखेचा १/४, ज्याचे तिघांत १/१२ प्रमाणे तीन भाग होतात. आता आजीनं आपला १/४ हिस्सा एका नातवाच्या नावे बक्षीसपत्रानं दिला. नातवाचे झाले १/१२ + १/४ = १/१२ + ३/१२ = ४/१२, म्हणजे १/३. हेच कॅल्क्युलेटरवर ०.०८ + ०.२५ केलं तर ०.३३ येतात आणि १/३ ओळखू येत नाही. जुन्या नोंदींत हिस्सा आणे-पैत असायचा: रुपयाचे १६ आणे, आण्याच्या १२ पै, म्हणजे छेद १९२. १/३ म्हणजे ५ आणे ४ पै, नेमके. तो एक ठरवून घेतलेला समान छेदच होता.

जुन्या गोष्टींचा विषय निघाला की पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी परत आणा अशी मागणी हमखास होते. आणा, नुकसान नाही. तोंडी हिशेबाला ती उत्तम. पण या सगळ्यांचा छेद दोन किंवा चार. त्यांनी तिसऱ्या आणि पाचव्या हिश्श्याचा प्रश्न सुटत नाही, आणि भिन्नच्छेदाचा खरा घाट तिथेच आहे.

पूर्णांकयुक्त अपूर्णांकांच्या वजाबाकीत तर अर्थ न समजण्याची किंमत लगेच वसूल होते. ३ १/४ मधून १ २/३ वजा करायचे. समच्छेद केले: ३ ३/१२ आणि १ ८/१२. तीनातून आठ जात नाहीत, हातचा घ्यायचा. मुलगा सवयीनं दहा घेतो, १३ मधून ८ वजा करून ५ काढतो आणि १ ५/१२ लिहितो. हातचा एक म्हणजे इथे बारा बारांश, दहा नव्हे. २ १५/१२ उणे १ ८/१२, उत्तर १ ७/१२. जो मुलगा छेदाला ‘खालचा आकडा’ समजतो त्याला हे कितीही वेळा सांगा, पुढच्या आठवड्यात पुन्हा दहाच येणार.

हीच दुसरी ओळ पुढे बीजगणितात हवी असते. दहावीच्या त्रिकोणमितीत साइन थीटा भागिले (१ + कॉस थीटा) अधिक (१ + कॉस थीटा) भागिले साइन थीटा बरोबर २ भागिले साइन थीटा, असं सिद्ध करायला येतं. तिथे समान छेद साइन थीटा गुणिले (१ + कॉस थीटा) घेऊन अंश मांडायचे असतात. फुलपाखरानं अंश कदाचित येतील. पण पुढची पायरी का आणि काय छाटायचं, तिथे मुलं गळतात. बोर्डाच्या पेपरात पायऱ्यांना गुण असतात.

तेव्हा करता येण्याजोगं असं. शाळांच्या केंद्राच्या (आसपासच्या शाळांच्या गटाच्या) शिक्षण परिषदेत एक सत्र फक्त २४ सेंमीच्या पट्टीला द्यावं, व्याख्यान नको, कात्री हातात. पाचवी-सहावीच्या चाचणीत भिन्नच्छेद बेरजेच्या दोन गुणांपैकी एक गुण समच्छेद रूपांच्या ओळीला असावा. ती ओळ नसेल तर बरोबर उत्तरालाही एकच. आणि दरवेळी एक प्रश्न उत्तर न काढता सोडवायचा द्यावा: ४/९ + ३/७ हे एकपेक्षा कमी की जास्त? दोन्ही अर्ध्याहून कमी, म्हणून कमी; एवढं लिहिलं की पूर्ण गुण.